दिवा लागतो, पण खेळाडू हलत नाही

रविवारी सकाळी भाच्याचा फोन आला. "मामा, कंट्रोलर डिफेक्टिव्ह निघाला. रिटर्न टाकू का?"

वाढदिवसाला घेतलेला, कॉलेजच्या पोरांना परवडेल असा वायरलेस गेमपॅड. मी विचारलं, "दिवा लागतो का?" लागत होता. "डोंगल नीट बसलंय?" बसलं होतं. "मग होत काय नाही?" तर म्हणे, जुना गाड्यांचा गेम झकास चालतो, नव्या फुटबॉलच्या गेममध्ये मात्र खेळाडू जागचा हलत नाही. मी म्हटलं, मधलं होमचं बटण पाच-सहा सेकंद दाबून धर बघू. दिव्यांची मांडणी बदलली आणि पुढच्या मिनिटाला फोन कट झाला. आभार मानायला त्या वयात वेळ कुठून असणार!

गेमपॅड बिघडलेला नव्हताच. तो जुन्या भाषेत बोलत होता आणि नव्या गेमला ती भाषा कळत नव्हती, एवढंच. शेजारीपाजारी आणि नातेवाइकांचे कंट्रोलर जोडून देता देता माझं एक मत पक्कं झालंय: 'खराब झाला' म्हणून माझ्याकडे येणाऱ्या बहुतेक कंट्रोलरना काहीही झालेलं नसतं. तुमच्या अंगठ्यापासून पडद्यावरच्या खेळाडूपर्यंत जाणारा निरोप वाटेत कुठेतरी अडकलेला असतो. नळाला पाणी आलं नाही की आपण आधी टाकी बघतो, मग मधला कॉक, मग नळ. थेट नळ बदलायला कुणी घेत नाही. कंट्रोलरच्या बाबतीत मात्र लोक पहिल्या झटक्यात नळ उखडायला निघतात. चार सॉफ्टवेअर उतरवतात, त्यातली दोन एकमेकांशी भांडतात, आणि मूळचा साधा प्रश्न त्या ढिगाऱ्याखाली गाडला जातो.

या निरोपाच्या वाटेवर तीन नाके आहेत. पहिला, कंट्रोलर ते कॉम्प्युटर. म्हणजे तार, ब्लूटूथ किंवा डोंगल. दुसरा, विंडोजला तो ओळखू येतो का. आणि तिसरा, गेमला त्याची भाषा कळते का. याच क्रमाने तपासत जायचं. एक नाका पार झाल्याशिवाय पुढच्याला हात लावायचा नाही.

सुरुवात तारेपासून, कारण सगळ्यात जास्त फसवणूक तिथेच होते. घरातल्या ड्रॉवरमध्ये पाच-सात केबली असतात. त्यातली एखादी ट्रिमरबरोबर आलेली, एखादी पॉवरबँकबरोबर. साध्या यूएसबी केबलमध्ये चार तारा असतात: दोन विजेच्या, दोन माहितीच्या. स्वस्त चार्जिंग केबलीत बऱ्याचदा माहितीच्या दोन तारा घातलेल्याच नसतात. अशा केबलने कंट्रोलर जोडला की दिवा लागतो, बॅटरी चार्ज होते, आणि कॉम्प्युटरला तो जोडल्याचा पत्ताही लागत नाही. माणूस दिव्यावर विश्वास ठेवून तासभर ड्रायव्हर शोधत बसतो. केबल तपासायची सोपी युक्ती अशी: तीच केबल फोनला लावा, फोनवर 'फाइल ट्रान्सफर' विचारलं तर ते निवडा आणि फोनमधले फोटो कॉम्प्युटरवर दिसतात का बघा. दिसले नाहीत तर केबल ड्रॉवरमध्ये परत.

जुन्या बाजारातून एक्सबॉक्स ३६० चा वायरलेस कंट्रोलर घेणाऱ्यांनी इथे विशेष सावध राहावं. त्याच्याबरोबर मिळणारी चार्जिंगची केबल खरोखरच फक्त चार्ज करते. कंट्रोलर बोलतो तो बिनतारीच, आणि त्यासाठी कॉम्प्युटरला वेगळा रिसीव्हर लागतो. त्याच कंट्रोलरचा तारेचा प्रकार मात्र लावला की चालतो. दुकानदार 'पीसीला चालतो' म्हणतो तेव्हा त्याच्या मनात यातला कुठला असतो, देव जाणे.

डेस्कटॉप असेल तर केबल पाठीमागच्या पोर्टमध्ये लावून बघा. पुढचे पोर्ट कॅबिनेटच्या आतल्या पातळ वायरींनी मदरबोर्डला जोडलेले असतात आणि त्या सैल होतात. यूएसबी हब मध्ये असेल तर तो तात्पुरता काढून टाका. आणि कंट्रोलर दहा-पंधरा मिनिटं छान चालून मग मध्येच 'डिस्कनेक्ट' होत असेल, तर विजेची बचत करायला म्हणून विंडोज त्या पोर्टला झोपवत असण्याची शक्यता मोठी. डिव्हाइस मॅनेजर उघडा, यूएसबी रूट हबच्या प्रॉपर्टीजमध्ये पॉवर मॅनेजमेंट बघा, आणि वीज वाचवण्यासाठी हे उपकरण बंद करण्याची कॉम्प्युटरला मुभा देणारी जी बरोबरची खूण आहे, ती काढून टाका.

आता ब्लूटूथ. एक्सबॉक्सचा कंट्रोलर म्हटला की त्यात ब्लूटूथ असणारच, असं धरून चालू नका. २०१३ साली एक्सबॉक्स वनबरोबर आलेल्या पहिल्या कंट्रोलरमध्ये ते नव्हतं. २०१६ च्या वन एसबरोबर आलेल्या नव्या घडणीपासून ते आलं. सेकंडहँड घेताना ओळखायचं कसं? मधल्या गोल, चमकणाऱ्या बटणाभोवतीचं प्लास्टिक बघा. ते समोरच्या बाजूच्याच तुकड्याचं असेल तर ब्लूटूथ आहे. वरच्या खांद्यावरच्या बटणांच्या चकचकीत पट्टीचाच भाग खाली उतरून त्या बटणाभोवती आलेला असेल, तर तो जुना, बिन-ब्लूटूथचा. त्याला तार लावा किंवा मायक्रोसॉफ्टचा वायरलेस अडॅप्टर घ्या. २०२० नंतरच्या सिरीज एक्स आणि एसच्या कंट्रोलरला यूएसबी-सी पोर्ट असतो, त्यामुळे तो लगेच ओळखू येतो आणि त्यात ब्लूटूथ असतंच.

पेअर करायची रीत प्रत्येकाची वेगळी. एक्सबॉक्सच्या कंट्रोलरवर मधल्या बटणाने तो फक्त चालू होतो. पेअर करायचं बारीक बटण वरच्या कडेला, यूएसबीच्या शेजारी असतं. ते तीनेक सेकंद दाबून धरलं की दिवा भराभर लुकलुकायला लागतो. सोनीच्या ड्युअलशॉक ४ मध्ये असं वेगळं बटण नाही. तिथे शेअर आणि पीएस ही दोन बटणं एकत्र दाबून धरायची. ड्युअलसेन्समध्ये शेअरच्या जागी क्रिएट आलं, बाकी तेच. निन्टेन्डोच्या स्विच प्रोला वरच्या बाजूला, यूएसबीजवळ सिंकचं छोटं बटण असतं. दिवा लुकलुकायला लागला की मगच विंडोजच्या सेटिंग्जमध्ये ब्लूटूथ उघडून 'अ‍ॅड डिव्हाइस' करायचं. आधी नाही.

यात एक गंमत नेहमी होते. घरात प्लेस्टेशन असेल तर त्याचा कंट्रोलर कॉम्प्युटरशी जोडायला तुम्ही पीएसचं बटण दाबता, आणि आतल्या खोलीतला प्लेस्टेशन उठून बसतो. कंट्रोलर आपल्या जुन्या मालकाशी इमान राखून असतो. प्लेस्टेशनचा प्लग काढा आणि मग नव्याने पेअर करा. उलट, पेअर केलेला कंट्रोलर 'पेअर्ड' दिसतोय पण जोडला जात नाही, अशी तक्रार असेल तर जोडणी सुधारत बसू नका. विंडोजमधून तो काढून टाका, कंट्रोलर बंद करा, आणि पहिल्यापासून सुरू करा. मोडलेली ओळख दुरुस्त करण्यापेक्षा नवी करणं ब्लूटूथच्या जगात नेहमीच सोपं.

जोडला जातो, पण बटण दाबल्यावर मध्येच दांडी मारतो, स्टिक सोडली तरी खेळाडू क्षणभर पळतच राहतो, असं असेल तर बिनतारी गर्दीकडे बघा. ब्लूटूथ २.४ गिगाहर्ट्झच्या पट्ट्यात चालतं. घरचं वायफाय बऱ्याचदा तिथेच असतं, बहुतेक डोंगलही तिथेच. शिवाय यूएसबी ३ च्या पोर्टमधून आणि हार्डडिस्कमधून याच पट्ट्यात गोंगाट सांडतो. इंटेलने २०१२ साली त्यावर टिपणच काढलं होतं. म्हणून डोंगल यूएसबी ३ च्या निळ्या पोर्टमध्ये, बाहेरच्या हार्डडिस्कच्या मांडीला मांडी लावून बसवू नका. एक मीटरची यूएसबी एक्स्टेंशन घेऊन डोंगल टेबलावर, तुमच्या नजरेसमोर आणा. किरकोळ पैशांत सुटणारा हा प्रश्न लोक नवा कंट्रोलर घेऊन सोडवतात. वायफाय ५ गिगाहर्ट्झवर नेता आलं तर आणखी बरं.

पहिला नाका पार झाला. आता विंडोजला काय दिसतंय ते बघू. कीबोर्डवर विंडोजचं बटण आणि आर एकत्र दाबा. जी छोटी चौकट उघडेल तिच्यात इंग्रजी अक्षरं टाइप करा: जे, ओ, वाय, मग टिंब, मग सी, पी, एल. एंटर. या सगळ्या लेखातलं एकच वाक्य लक्षात ठेवायचं असेल तर ते हेच ठेवा. उघडलेल्या खिडकीत जोडलेल्या कंट्रोलरची यादी दिसते. तुमच्या कंट्रोलरचं नाव निवडून प्रॉपर्टीज दाबलं की एका चौकटीत अधिकाची खूण आणि खाली आकडे घातलेले लाल ठिपके दिसतात. स्टिक हलवली की खूण हलायला हवी, बटण दाबलं की ठिपका उजळायला हवा. हे झालं तर कंट्रोलर, तार, ब्लूटूथ, विंडोज सगळं ठीक आहे. दोष पुढे, गेमच्या दाराशी. यादी रिकामी असेल तर दोष मागे. पुन्हा तारेकडे जा. भाच्याच्या बाबतीत माझा अंदाज लगेच जमला, कारण एक गेम चालत होता. म्हणजे हा नाका पार झालेलाच होता.

ही खिडकी बघताना दोन ठिकाणी माणसं हमखास घाबरतात. एक्सबॉक्सच्या कंट्रोलरचे दोन ट्रिगर इथे एकाच पट्टीवर दिसतात. डावा दाबला की पट्टी एकीकडे सरकते, उजवा दाबला की दुसरीकडे, आणि दोन्ही एकदम दाबले की मध्यावर येऊन थांबते, जणू काही दाबलंच नाही. हा बिघाड नाही, जुन्या भाषेची मर्यादा आहे. त्याबद्दल पुढे सांगतो. दुसरं म्हणजे तिथलं 'कॅलिब्रेट'चं बटण. ते दिसलं की दाबावंसं वाटतं. दाबू नका.

ते बटण म्हणजे जुन्या वाड्यातल्या कोनाड्यासारखं आहे. पूर्वी जॉयस्टिक साउंडकार्डच्या १५ पिनांच्या गेमपोर्टला लागायची. तिच्यात साधे व्हॉल्यूमच्या बटणासारखे फिरते रोध असत, आणि ते किती फिरले हे कॉम्प्युटर वेळ मोजून ओळखायचा. हवा तापली, मशीन बदललं की मधला बिंदू सरकायचा, म्हणून खेळायला बसण्याआधी कोपऱ्याकोपऱ्यांत दांडी फिरवून मोजमाप जुळवावं लागे. व्हिस्टापासून विंडोजने गेमपोर्ट सोडून दिला, तरी जुळवणीची ही खिडकी राहिली. आजचे कंट्रोलर आपलं मोजमाप स्वतः सांगतात. अर्धवट कॅलिब्रेट करून ठेवलंत तर चांगली स्टिक वाकड्यात जाते, आणि तीही फक्त जुन्या गेममध्ये, कारण नव्या पद्धतीचे गेम हे मोजमाप विचारातच घेत नाहीत. मग 'एका गेममध्ये बरोबर, दुसऱ्यात डावीकडे ओढतो' असं कोडं पडतं. हात लागलाच असेल तर तिथल्याच 'रिसेट टू डिफॉल्ट'ने सगळं पूर्ववत होतं.

आता तिसरा नाका. खरी मजा इथेच आहे.

विंडोजमध्ये कंट्रोलरशी बोलायच्या दोन भाषा रूढ आहेत. डायरेक्टइनपुट ही जुनी, १९९० च्या दशकात डायरेक्टएक्सबरोबर आलेली. ती मोठ्या मनाची: कितीही बटणं, कितीही दांड्या, स्टिअरिंग, पेडल, विमानाची जॉयस्टिक, काहीही जोडा. पण कुठलं बटण कशासाठी, हे ती सांगत नाही. 'तीन नंबरचं बटण दाबलं' एवढंच कळवते. त्यामुळे त्या काळच्या प्रत्येक गेममध्ये बसून बटणं नेमावी लागत. मग २००५ च्या अखेरीस एक्सबॉक्स ३६० आला आणि त्याच्याबरोबर एक्सइनपुट. ही नवी भाषा काटेकोर आहे: ए, बी, एक्स, वाय, दोन स्टिक, दोन ट्रिगर, ठरलेली बटणं, एका वेळी जास्तीत जास्त चार कंट्रोलर. बदल्यात नेमणुकीची कटकट संपली. कंट्रोलर लावा, खेळायला लागा. गेम बनवणाऱ्यांना हे इतकं आवडलं की पुढच्या अनेक गेमनी जुनी भाषा शिकायचंच सोडलं.

भाच्याच्या गेमपॅडसारख्या आपल्याकडच्या स्वस्त गेमपॅडना दोन्ही भाषा येतात. रेडगियर, कॉस्मिक बाइट यांच्यासारख्या नावांनी जे विकले जातात, त्यांतल्या अनेकांवर होमचं किंवा मोडचं बटण काही सेकंद दाबून भाषा बदलता येते. दिव्यांची मांडणी बदलली म्हणजे भाषा बदलली. कुठले दिवे म्हणजे कुठली भाषा, हे खोक्यातल्या त्या मुंगीच्या अक्षरातल्या कागदावर लिहिलेलं असतं. तो कागद पहिल्याच दिवशी हरवतो, म्हणून फोनमध्ये त्याचा फोटो काढून ठेवा. नव्या गेमसाठी एक्स-इनपुट, जुन्यासाठी डी-इनपुट, म्हणजे डायरेक्टइनपुट. आणखी एक: काही साध्या गेमपॅडवर मध्ये 'अ‍ॅनालॉग' असं बटण असतं. ते चुकून दाबलं गेलं की डाव्या स्टिकचं काम चौफुलीच्या बटणांकडे जातं आणि खेळणाऱ्याला वाटतं स्टिक मेली.

उलटा प्रश्नही येतो. एक्सबॉक्सचा महागातला कंट्रोलर आणि गेम जुना. जीटीए सॅन अँड्रियास कॉम्प्युटरवर आला २००५ च्या जूनमध्ये, म्हणजे एक्सइनपुटच्याही आधी. तो जुन्या भाषेतच ऐकतो, आणि जुन्या भाषेत एक्सबॉक्सचे दोन ट्रिगर एकाच पट्टीवर येतात हे आपण मघाशी पाहिलंच. त्यामुळे गॅस आणि ब्रेक ट्रिगरवर घ्यायचे म्हटले की घोळ होतो. हौशी मंडळींनी त्यासाठी जीइनपुट नावाची जोडणी बनवली आहे, तिच्यामुळे हा गेम नवी भाषा शिकतो. आपल्याकडे अजून आवडीने खेळल्या जाणाऱ्या क्रिकेट ०७ च्या पिढीतल्या गेमसाठी मी सरळ वेगळा रस्ता घेतो. अँटीमायक्रोएक्स हे मोफत सॉफ्टवेअर कंट्रोलरच्या बटणाला कीबोर्डचं बटण नेमून देतं. गेमला वाटतं तुम्ही कीबोर्डवर खेळताय. बिचाऱ्याला कळतही नाही.

सोनी आणि निन्टेन्डोच्या कंट्रोलरची गोष्ट अशी, की त्यांना एक्सइनपुट मुळात येत नाही. विंडोज त्यांना ओळखतं, मघाच्या खिडकीत ते दिसतात, पण गेम गप्प. त्यांना दुभाष्या लागतो. सगळ्यात सोयीचा दुभाष्या म्हणजे स्टीम. स्टीमच्या सेटिंग्जमध्ये कंट्रोलरचा विभाग उघडून प्लेस्टेशन किंवा स्विचच्या कंट्रोलरसाठी स्टीम इनपुट चालू करा. गेम स्टीमवरून घेतलेला नसला तरी 'अ‍ॅड अ नॉन-स्टीम गेम'ने तो स्टीमच्या यादीत टाकून तिथून चालवता येतो. मध्ये दुसऱ्या कंपनीचा लाँचर उघडत असेल तर ही साखळी कधी कधी तुटते. तसंच गेम अ‍ॅडमिनिस्ट्रेटर म्हणून चालत असेल आणि स्टीम तसं चालत नसेल, तरीही तुटते.

दुसरा दुभाष्या डीएस४विंडोज. तो प्लेस्टेशनच्या कंट्रोलरला एक्सबॉक्सच्या कंट्रोलरचं सोंग देतो. गेमला दिसतो तो खोटा एक्सबॉक्स कंट्रोलर. हे खोटं उपकरण उभं करणाऱ्या व्हायजेम नावाच्या ड्रायव्हरचं काम त्याच्या कर्त्यांनी २०२३ मध्ये थांबवलं. तरी तो चालतो. उतरवताना मात्र मूळ जागेवरूनच उतरवा. नावाशी मिळत्याजुळत्या पानांवर सोबत नको ते गळ्यात पडतं.

आता या सगळ्यातला माझा सगळ्यात आवडता रोग. मेनूत खाली एकदा दाबलं की निवड दोन घरं खाली जाते. गोळी झाडली की दोन गोळ्या. कारण? दोन दुभाषे एकाच वेळी बोलतायत. स्टीम इनपुट चालू आहे, शिवाय डीएस४विंडोजही चालू आहे, आणि गेमला स्वतःलाही मूळ कंट्रोलर समजतो. तिघेही एकच निरोप पोहोचवतात. उपाय: एकच ठेवा, बाकीचे बंद. स्टीममध्ये गेमच्या नावावर उजवी क्लिक, प्रॉपर्टीज, कंट्रोलर, आणि त्या गेमपुरतं स्टीम इनपुट बंद करता येतं. डीएस४विंडोजच ठेवायचं असेल तर हिडहाइड नावाचं साधन मूळ कंट्रोलर गेमपासून लपवतं. एका शेजाऱ्याकडे हा रोग काढताना मला त्याच्या मशीनवर असे चार दुभाषे सापडले. प्रत्येक जण आधीच्याने केलेला घोटाळा निस्तरायला आणलेला.

ज्या गेमना ड्युअलसेन्स मुळातून समजतो, तिथे तर दुभाष्या नकोच. २०२२ मध्ये कॉम्प्युटरवर आलेला स्पायडरमॅन रिमास्टर्ड हे त्यातलं चांगलं उदाहरण. स्टीम इनपुट बंद करून कंट्रोलर तारेने जोडला की ट्रिगर बोटाला खरोखर अडतो, जाळं सोडताना ताण जाणवतो. मात्र तारेने जोडल्यावर कॉम्प्युटरचा आवाज अचानक गेला, तर स्पीकर बिघडले असं समजू नका. या कंट्रोलरला हेडफोनचं भोक आणि आत स्पीकर असतो, म्हणून विंडोज त्याला साउंडकार्ड समजून सगळा आवाज तिकडे वळवतं. घड्याळाजवळच्या स्पीकरच्या चिन्हावरून आवाज परत आपल्या स्पीकरवर आणा.

'कंट्रोलर प्लेअर टू झालाय' हीही एक तक्रार. गेम पहिल्या क्रमांकाचं ऐकतो आणि पहिल्या क्रमांकावर भलतंच कुणीतरी बसलेलं असतं: विसरलेलं डोंगल, स्टिअरिंग, दुभाष्याने उभा केलेला खोटा कंट्रोलर. मघाच्या खिडकीतली यादी बघा, नको ते काढा, गेम बंद करून पुन्हा चालू करा. पुष्कळसे गेम सुरू होतानाच एकदा कंट्रोलर मोजतात. नंतर लावलेला त्यांच्या हिशेबात नसतो.

ड्रिफ्ट हा मात्र खरा बिघाड. हात न लावता खेळाडू हळूहळू एकीकडे सरकतो. स्टिकखाली दोन फिरते रोध असतात, त्यांच्यातल्या कार्बनच्या पट्टीवर एक बारीक जीभ घासत असते. घासून घासून पट्टी झिजते, धूळ बसते, आणि मधला बिंदू मधला राहत नाही. ब्राउझरमध्ये चालणारे गेमपॅड टेस्टर असतात, त्यात स्टिकचा आकडा दिसतो. कंट्रोलर दिसत नसेल तर आधी त्याचं एखादं बटण दाबा, तोवर ब्राउझर त्याला दाखवत नाही. हात काढल्यावर आकडा शून्याच्या आसपास, ०.०५ च्या आत असेल तर निर्धास्त राहा. थोडं इकडेतिकडे असतंच. त्याहून बराच जास्त असेल तर गेमच्या किंवा स्टीमच्या सेटिंगमध्ये डेडझोन, म्हणजे मध्यापासून किती हालचाल दुर्लक्षित करायची ते, त्या आकड्याहून किंचित वर ठेवा. एकदम मोठा ठेवू नका, नाहीतर नेम धरताना स्टिक बधिर वाटते. गंमत म्हणजे एक्सइनपुटमध्ये मायक्रोसॉफ्टने सुचवलेला डाव्या स्टिकचा डेडझोन ७८४९ आहे, ३२७६७ पैकी. म्हणजे जवळजवळ पाव हालचाल सोडून द्या, असं कंपनीने आधीच सांगून ठेवलंय. स्टिक मधोमध परत येईल याची खात्री बनवणाऱ्यांनाही नव्हती!

साफ करायचंच असेल तर इलेक्ट्रॉनिक्सच्या दुकानात मिळणारा कॉन्टॅक्ट क्लीनर किंवा आयसोप्रोपिल अल्कोहोल वापरा. हाताला लावायचा सॅनिटायझर नको. त्यात पाणी आणि बऱ्याचदा ग्लिसरीन असतं. कंट्रोलर बंद करून स्टिकच्या मुळाशी थेंबभर सोडा, गोल गोल फिरवा, नीट वाळू द्या. धुळीचा ड्रिफ्ट असेल तर जातो. झिजेचा असेल तर आठवड्यात परत येतो, आणि मग स्टिकचा सुटा भाग बदलून घेणं हाच उपाय. नवा कंट्रोलर घेणार असाल तर हॉल इफेक्ट स्टिकचा बघा. तिच्यात चुंबक आणि संवेदक असतात, घासायला काही नसतं.

लॅपटॉप टीव्हीला जोडून खेळणारे 'कंट्रोलर स्लो आहे' म्हणतात, तेव्हा मी आधी टीव्हीचा रिमोट मागतो. चित्र सुंदर करण्यासाठी टीव्ही प्रत्येक दृश्यावर काम करत बसतो, तोवर चेंडू यष्ट्यांवर आदळलेला असतो. टीव्हीत गेम मोड चालू करा.

मॅकवाल्यांना यातला बराच ताप नाही. २०१९ च्या कॅटालिनापासून ब्लूटूथवाला एक्सबॉक्स कंट्रोलर आणि ड्युअलशॉक ४ थेट पेअर होतात. लिनक्सवर एक्सबॉक्स आणि प्लेस्टेशनच्या कंट्रोलरचे ड्रायव्हर कर्नलमध्येच आहेत. फक्त ब्लूटूथवरचा एक्सबॉक्स कंट्रोलर कुरकुरला तर एक्सपॅडनिओ टाकून बघा.

दुकानातून घ्यायचा असेल, पुण्याची तापकीर गल्ली असो की मुंबईचा लॅमिंग्टन रोड, तर दुकानदाराच्याच कॉम्प्युटरला लावायला सांगा आणि ती मघाची सहा अक्षरं तुम्ही स्वतः टाइप करा. सगळे ठिपके उजळतायत ना, दोन्ही स्टिक सोडल्यावर मध्यावर येतायत ना, बघा. बहुतेक दुकानदारांना ही खिडकी ठाऊक नसते. पुढच्या वेळी तेच दुसऱ्या गिऱ्हाइकाला दाखवतील. आणि पेन्सिल सेलवर चालणारा कंट्रोलर परीक्षेच्या काळात कपाटात जाणार असेल, तर सेल काढून ठेवा. भाच्याच्या आधीच्या कंट्रोलरचे सेल पावसाळाभर आतच राहिले आणि स्प्रिंगांवर पांढरी पूड धरली. कापसाच्या काडीला व्हिनेगर लावून ती पुसून काढली, वाळवली, तेव्हा तो पुन्हा चालू झाला. आता तो माझ्याकडे असतो. क्रिकेट ०७ साठी.